स्पॅरोहॉकची शिकार कशी बघावी: छोट्या पक्ष्यांवरून माग काढण्याची पद्धत

शिकारी पक्षी बघायचा म्हटलं की आपण आकाशात बघतो. घार, गरुड, बहिरी ससाणा यांच्यासाठी ते ठीक आहे. स्पॅरोहॉक या छोट्या शिकारी पक्ष्याच्या बाबतीत मात्र या सवयीचा तोटाच होतो. तो शिकार करतो ती बहुधा माणसाच्या कमरेच्या उंचीवर, झुडपांच्या आडून, आणि सगळा प्रकार काही सेकंदांत आटोपतो. तुमची नजर त्याच्यावर जाईपर्यंत तो कुंपणाच्या पलीकडे गेलेला असतो. त्यामुळे इथे सांगितलेली पद्धत उलट्या टोकापासून सुरू होते. लक्ष ठेवायचं ते चिमण्या, टिट (चिमणीएवढी किंवा तिच्याहून लहान पाखरं), बुलबुल, होले यांच्यावर. स्पॅरोहॉक कुठे आहे हे शोधण्याचं काम त्यांचं आहे आणि ते तुमच्या-माझ्यापेक्षा कितीतरी चांगलं करतात, कारण त्यांच्या जिवाचा प्रश्न असतो.

हा लेख मुख्यतः युरेशियन स्पॅरोहॉकबद्दल आहे. युरोपपासून जपानपर्यंत तो आढळतो, हिमालयातही वीण करतो, आणि उत्तरेकडचे पक्षी हिवाळ्यात भारतीय उपखंडात उतरतात. आपला शिक्रा त्याचा जवळचा नातेवाईक. त्यामुळे इथलं बरंचसं शिक्र्यालाही लागू पडतं. फरक इतकाच की शिक्रा सरडे, मोठे किडे, उंदीर, खारीची पिल्लं असं मिळेल ते खातो, तर स्पॅरोहॉकचं जवळजवळ सगळं पोट पक्ष्यांवर चालतं.

आधी पक्षी ओळखून घ्या

नर २९ ते ३४ सेंटीमीटर लांब आणि ११० ते १९६ ग्रॅम वजनाचा. मादी ३५ ते ४१ सेंटीमीटर आणि १८५ ते ३४२ ग्रॅम. म्हणजे मादी नराच्या जवळपास दुप्पट वजनाची असू शकते. शिकारी पक्ष्यांमध्ये मादी मोठी असणं नेहमीचं असलं, तरी इतका फरक क्वचितच दिसतो. हे आकडे लक्षात ठेवण्याचा पुढे उपयोग होतो. नराची शिकार सहसा ४० ग्रॅमच्या आतली: चिमण्या, टिट, फिंच. मादी मैना, कस्तूर, होले सहज मारते आणि प्रसंगी ५०० ग्रॅमच्या रानकबुतरालाही हात घालते. अंगणात कबुतर फाडलेलं सापडलं आणि काम स्पॅरोहॉकचंच असेल, तर ते मादीचं.

नर वरून निळसर करडा, खाली तांबूस-नारिंगी आडवे पट्टे, गालावरही तांबूस झाक. मादी वरून करडी-तपकिरी, पोटावर करडे-तपकिरी पट्टे, डोळ्यावर फिकट भुवई. पहिल्या वर्षाचे पक्षी तपकिरी आणि त्यांच्या छातीवरचे पट्टे तुटक, वेडेवाकडे. डोळे पिवळे, काही म्हाताऱ्या नरांचे पार नारिंगी. पाय मात्र सगळ्यांचेच लांब आणि काडीसारखे बारीक, मधलं बोट भलतंच लांब. उडतं पाखरू हवेत धरायला याच बोटाचा उपयोग होतो.

शिक्र्याशी घोटाळा होतोच. शिक्र्याच्या गळ्यावर मधोमध एक गडद उभी रेघ असते, स्पॅरोहॉकला ती नसते. प्रौढ शिक्र्याचे पंख खालून फिकट दिसतात आणि टोकं गडद असतात. स्पॅरोहॉकच्या पंखांवर खालून दाट पट्टे असतात. फोटो मिळाला असेल तर पंखाच्या टोकाची सुटी दिसणारी पिसं, म्हणजे ‘बोटं’, मोजा: स्पॅरोहॉकला सहा, शिक्र्याला पाच. उडत्या पक्ष्यावर नुसत्या डोळ्यांनी ही मोजणी करता येते असं कुणी सांगितलं तर मान डोलवा आणि फोटो मागा.

दुसरा घोटाळा पावशाचा. रंग, छातीवरचे पट्टे, उडण्याची ढब, फांदीवर बसताना शेपटी हलवण्याची लकब, सगळं शिक्र्यासारखं. चोच बघा. पावशाची चोच सरळ आणि बारीक, शिकाऱ्याची आखूड आणि मुळापासूनच वाकलेली. यात लाज वाटण्याजोगं काही नाही, पाखरंही फसतात. युरोपातल्या कोकिळेचं रूप असंच स्पॅरोहॉकशी मिळतंजुळतं आहे. निक डेव्हिस आणि जस्टिन वेलबर्गन या संशोधकांनी दाणे ठेवलेल्या जागी कोकिळेचे आणि स्पॅरोहॉकचे नमुने ठेवून बघितले (२००८). टिट दोघांनाही सारखेच घाबरले. कोकिळेच्या छातीवरचे पट्टे झाकल्यावर भीती कमी झाली.

उडताना ओळखायचं तर ताल बघा: चार-पाच भराभर पंखांचे फटके, मग छोटी तरंग, पुन्हा फटके. पंख आखूड, टोकाला गोलसर, शेपटी लांब. टोकदार पंखांचा पक्षी दिसला तर तो ससाण्यांपैकी कुणीतरी असणार.

जागा निवडताना आडोसा आणि उघड्याची सीमा शोधा

स्पॅरोहॉकची सगळी भिस्त अचानकपणावर आहे. साधं उडणं ताशी ३० ते ४० किलोमीटरचं, झेप घेताना थोडा वेळ ५० पर्यंत. सरळ रेषेतल्या लांब पाठलागात निरोगी, सावध पाखरू बहुतेक वेळा निसटतं. त्यामुळे सावजापर्यंत न दिसता पोहोचता येईल अशी वाट त्याला लागते. तुम्ही उभं राहायचं ते अशा वाटेच्या बाजूला: झाडीची कड, लांब कुंपण, दोन बागांमधली भिंत, ओढ्याकाठची झुडपं, आणि त्यांच्या लगत मोकळ्यावर दाणे टिपणारी पाखरं.

आता पाखरांच्या जागी स्वतःला ठेवून विचार करा. मोकळ्यात चरताना त्यांना कुठून येणारा धोका दिसत नाही? ज्या कोपऱ्याआड काही दिसत नाही, तोच कोपरा दुर्बिणीत धरून ठेवा. कुंपणाला समांतर न बसता कुंपणाच्या रेषेत, एका टोकाशी बसलात तर दोन्ही बाजू दिसतात. स्पॅरोहॉक कुंपणाच्या एका बाजूने खालून येतो आणि ऐनवेळी उडी मारल्यासारखा दुसऱ्या बाजूला पडतो. एका बाजूला बसलेल्याला यातलं अर्धंच दिसतं.

वेळ म्हणाल तर पाखरं जेव्हा पोट भरायच्या घाईत असतात तेव्हा. सकाळचे पहिले दोन तास, आणि संध्याकाळी झोपायच्या झाडाकडे थवे जमायला लागतात तो वेळ. पाणवठा असेल तर दुपारही चालते, कारण ओल्या पिसांनी पाखरू जड होतं आणि आंघोळीत गुंगलेलं असतं. सकाळी उशिरा, ऊन तापून हवा वर चढायला लागली की स्पॅरोहॉक उंचावर घिरट्या घालताना दिसू शकतो. तेव्हा तो नेहमीच शिकारीवर असतो असं नाही, पण या भागात तो राहतो हे कळतं.

साहित्याबद्दल फार सांगण्यासारखं नाही. आठ पट मोठं दाखवणारी रुंद दृश्याची दुर्बीण पुरते. दहा-बारा पटीच्या दुर्बिणीत हा पक्षी सापडेपर्यंत निघून जातो. कॅमेरा नसला तरी बिघडत नाही. पहिले काही दिवस तर तो घरीच ठेवलेला बरा, कारण कॅमेरा हातात असला की कान बंद होतात.

कान लावा

इथेच सगळ्यात जास्त वेळ घालवा. छोट्या पक्ष्यांच्या धोक्याच्या हाका ढोबळमानाने दोन तऱ्हेच्या असतात आणि दोन्हींचा अर्थ अगदी वेगळा आहे.

पहिली हाक बारीक, उंच, जेमतेम ऐकू येईल अशी: ‘सीऽऽ’. तिला सुरुवात नीट कळत नाही, शेवटही कळत नाही, आणि ती कुठून आली हे सांगता येत नाही. ही हाक म्हणजे शिकारी उडत येतोय. ब्रिटिश वंशाचे शास्त्रज्ञ पीटर मार्लर यांनी १९५५ साली दाखवून दिलं की वेगवेगळ्या जातींच्या या हाका एकमेकींसारख्या असतात आणि त्यांची घडणच अशी की आवाजाची जागा हुडकणं अवघड जावं. पुढे ‘मोठा टिट’ या जातीवर झालेल्या कामातून आणखी एक गोष्ट पुढे आली: ही हाक ज्या उंच पट्टीत असते, त्या पट्टीतलं टिटला स्पॅरोहॉकपेक्षा चांगलं ऐकू येतं. म्हणजे शेजाऱ्याला सावध करायचं, पण शिकाऱ्याच्या कानावर शक्यतो पडू द्यायचं नाही, अशी सोय.

दुसरी हाक कर्कश, तुटक, पुन्हापुन्हा येणारी, लगेच जागा कळणारी. टिटची ‘चुर्र-चुर्र’, बुलबुलांची बडबड, सातभाईंचा कालवा. ही हाक म्हणजे शिकारी बसलाय आणि आम्हाला दिसलाय. आजूबाजूची पाखरं गोळा होतात, अंतर राखून ओरडत राहतात आणि शिकाऱ्याला उघडं पाडतात. अचानकपणा संपला की स्पॅरोहॉकचा त्या जागेवरचा डाव संपला. तो थोडा वेळ बसतो आणि निघून जातो.

आता याचा वापर असा करायचा. कर्कश कालवा ऐकला तर घाई नको. पाखरांची तोंडं ज्या दिशेला आहेत ती रेषा पकडा, दोन-तीन पाखरांच्या नजरा जिथे मिळतात तिथे दुर्बीण लावा आणि खोडालगतची सावलीतली फांदी तपासा. बसलेला स्पॅरोहॉक टोकाच्या फांदीवर क्वचितच असतो. सापडला नाही तर तिथे साप, मांजर किंवा घुबडही असू शकतं. कालवा जमिनीलगत असेल आणि पाखरं खाली बघत असतील, तर मांजर धरून चाला.

बारीक ‘सीऽऽ’ ऐकली तर मात्र दिशेचा विचार करू नका, ती सापडणार नाही. लगेच मोकळ्या जागेकडे आणि झाडीच्या कडेला खालच्या पातळीवर बघा. तुमच्या हातात एक-दोन सेकंद असतात.

याहून महत्त्वाची आणि नवख्यांच्या हातून निसटणारी खूण म्हणजे शांतता. अंगणात चाललेली किलबिल एकदम बंद होते. झुडपात उतरलेलं टिट ज्या अवस्थेत असेल त्या अवस्थेत थिजतं: चोचीत दाणा, एक पाय वर, मान अर्धी वळलेली. पापणीसुद्धा हलत नाही. अशा एखाद्या थिजलेल्या पाखरावर दुर्बीण रोखून बघा. त्याचं डोकं हलत नाही, पण छातीची पिसं श्वासागणिक हलताना दिसतात. मिनिटभराने, कधी पाच मिनिटांनी, कुठूनतरी एक बेतास बात चिवचिव येते. मग दुसरी. सगळ्यात आधी मोकळ्यात उतरणारं पाखरू बहुधा सगळ्यात भुकेलं असतं. याच वेळी स्पॅरोहॉक जवळच दबून बसला असण्याची शक्यता असते, म्हणून शांततेनंतर निघून जाऊ नका. दुसरा हल्ला बऱ्याचदा पहिल्यापेक्षा नीट दिसतो, कारण तोवर तुम्ही तयार असता.

आकाशात बघायचंच असेल तर भिंगऱ्यांकडे बघा. त्या उंचावरून ओरडत एका जागी गोळा झाल्या की त्यांच्या घोळक्यात किंवा खाली शिकारी आहे असं समजा. कावळे आणि कोतवालही असंच करतात. कोतवालाचं मात्र जपून घ्यावं. तो शिक्र्याच्या आवाजाची नक्कल करतो, आणि नुसत्या आवाजावर वहीत शिक्रा लिहून मोकळं झालं की झाली फसगत.

हल्ल्याची तऱ्हा ओळखा

सगळ्यात नेहमीची पद्धत म्हणजे थोडं बसणं, थोडं उडणं. झाडीतल्या एका फांदीवर काही मिनिटं बसायचं, सावज दिसलं नाही तर पन्नास-शंभर मीटरवरच्या दुसऱ्या फांदीवर जायचं. पाखरांचा कालवा त्याच्याबरोबर सरकत जातो. कालव्याची दिशा लक्षात घेऊन तुम्ही त्याच्या पुढच्या थांब्याचा अंदाज बांधू शकता, आणि तिथे आधी पोहोचण्यापेक्षा आहात तिथेच थांबून वाट बघितलेली बरी.

दुसरी पद्धत बघण्यासारखी असते. जमिनीला चिकटून, चढउतारांप्रमाणे खालीवर होत, भिंती-कुंपणांच्या आडून सरकत तो येतो. जवळपास आवाज नाही. शेवटच्या काही मीटरवर आडोसा संपतो आणि तो थव्यावर फुटतो. त्या क्षणी सगळी पाखरं एकदम उडतात आणि नजर गोंधळते. आपलीही आणि त्याचीही. त्याने एकच पाखरू हेरलेलं असेल तर तो त्याच्यामागे झुडपातसुद्धा घुसतो, उलटा होऊन खालून धरतो, क्वचित पायीपायी काटेरी जाळीत शिरतो. हेरलेलं पाखरू थव्यात हरवलं तर तो सरळ पुढे निघून जातो, आणि बघणाऱ्याला वाटतं की त्याला शिकार करायचीच नव्हती.

याखेरीज उंचावरून सूर मारणं, एकाच जागी बराच वेळ दबा धरून बसणं, आणि आवाजावरून झुडपातलं सावज शोधणं या पद्धती आहेत. सूर मारताना तो पंख मिटून तिरका खाली येतो. पण हे बहिरी ससाण्याचं काम आहे, स्पॅरोहॉक त्यात दुय्यमच.

कुठलं पाखरू निवडलं जातं, याबद्दल स्कॉटलंडमधल्या टिनिंगहॅम खाडीवर विल क्रेसवेल यांनी केलेली निरीक्षणं फार उपयोगी आहेत. तिथे हिवाळ्यात रेडशँक हे चिखलपक्षी थव्यांनी चरतात आणि स्पॅरोहॉक काठावरच्या झाडीतून त्यांच्यावर हल्ले करतात. मोठ्या थव्यातल्या एकेका पक्ष्याला धोका कमी. काठाच्या जवळ चरणाऱ्याला आणि शेजाऱ्यांपासून दूर पडलेल्याला जास्त. मग पाखरं काठाजवळ जातातच का? कारण खाणं तिथे जास्त असतं. भूक आणि भीती यांच्यातला हा हिशेब तुम्हाला कुठल्याही अंगणात दिसेल. थव्याच्या कडेचं, मान खाली घालून जास्त वेळ टिपणारं, आडोशाजवळ एकटं पडलेलं पाखरू आधीच हेरून ठेवा. हल्ला झालाच तर त्याच्यावर होण्याची शक्यता जास्त.

बहुतेक हल्ले फसतात. दहातला एखादा साधला तरी चांगलं म्हणायचं. नुकत्या स्वतंत्र झालेल्या पिल्लांची गत तर वाईटच, आणि पहिलं वर्ष पार करणारी पिल्लं साधारण एक तृतीयांश. त्यामुळे ‘आज काही घडलं नाही’ असं म्हणून वही बंद करू नका. फसलेल्या हल्ल्याची नोंद जास्त बोलकी असते: तो कुठून आला, पाखरांना आधी कळलं की नाही, कुणी हाक दिली, ती कुठे लपली, किती वेळाने परतली. एवढं लिहिलंत की काही आठवड्यांत त्या जागेवरच्या त्याच्या वाटा तुम्हाला कळायला लागतात. स्पॅरोहॉकही त्याच त्याच वाटा वापरतो.

शिकार साधली तर

ससाणे चोचीने मान तोडून सावज लवकर संपवतात, त्यांच्या चोचीवर त्यासाठी खाच असते. स्पॅरोहॉककडे ती नाही. तो पंजांनी दाबून मारतो. चिमणीएवढं पाखरू काही क्षणांत मरतं. मैना किंवा होला मात्र मरायला वेळ लागतो, आणि मादी पिसं उपटायला त्याआधीच सुरुवात करते. बघवत नाही, हे खरं आहे. मध्ये पडू नका. हुसकावून लावलंत तर अर्धवट फाडलेला होला वाचत नाही, आणि उपाशी मादी दुसरा पकडते. म्हणजे तुमच्या दयेपायी दोन जीव जातात.

सावजावर बसलेली मादी पंख पसरून त्याला झाकून घेते, शेपटी जमिनीला टेकवते आणि दर काही सेकंदांनी मान वर करून चौफेर बघते. कावळे आले तर तिला शिकार सोडावी लागते. तुम्ही उभे असाल तिथेच थांबा, खाली बसू नका, कारण अचानक आकार बदलला की ती उडते. नर छोटं सावज घेऊन लगेच झाडीत शिरतो. त्याला जमिनीवर खाताना बघायला नशीब लागतं.

वीण चालू असेल तर शिकार घेऊन जाणाऱ्या नराचा पाठलाग करू नका. मादी साधारण ३३ दिवस अंडी उबवते आणि त्या काळात, पिल्लं लहान असतानाही, सगळं खाणं नर आणतो. घरट्याजवळ तुमचा वावर वाढला की त्याच्या फेऱ्या थांबतात. घरट्याची जागा, अगदी मित्रांच्या गटातही, सांगू नये. हाकांचं रेकॉर्डिंग वाजवून पक्षी बाहेर काढणं तर नकोच.

जमिनीवरचा पुरावा

प्रत्यक्ष शिकार दिसली नाही तरी तिची जागा सापडते. झाडाचं कापलेलं खोड, पडका ओंडका, बुटकी भिंत, दाट झाडीतला उंचवटा अशा जागा तपासा. स्पॅरोहॉक पिसं उपटायला त्याच त्याच जागा वापरतो. पिसांचं कडं दिसतं, वाऱ्याच्या दिशेने ते लांबट होतं.

एक मोठं पीस उचला, पंखाचं किंवा शेपटीचं. त्याच्या दांडीचं टोक बघा. टोक अखंड, निमुळतं, जसं कातडीतून बाहेर आलं तसंच असेल, तर ते उपटलेलं आहे, म्हणजे काम शिकारी पक्ष्याचं. उजेडात धरलंत तर दांडीवर चोचीच्या चिमट्याची बारीक घडी किंवा टोचा दिसू शकतो. टोक तुटलेलं, चावलेलं, आणि पिसं लाळेने एकमेकांना चिकटून गुच्छात पडलेली असतील, तर मांजर, मुंगूस किंवा कोल्हा. अंगणातल्या किती तरी ‘शिक्र्याने मारलं’ प्रकरणांचा निकाल या एका तपासणीत लागतो.

सांगाडा उरला असेल तर छातीचं हाड बघा. स्पॅरोहॉक छातीचं मांस आधी खातो आणि हाडाच्या पातळ उभ्या कडेवर चोचीच्या त्रिकोणी खाचा पडतात. पंख आणि खांद्याची हाडं बऱ्याचदा एकत्र जोडलेली राहतात. मात्र एक पथ्य: शिकाऱ्याने मारलं की मेलेलं सापडल्यावर खाल्लं, हे पिसांवरून नेहमीच सांगता येत नाही. हातमोजे घालूनच हात लावा, नंतर हात धुवा. पिसं घरी नेण्यावर बऱ्याच देशांत कायद्याने बंदी आहे, म्हणून जागेवर फोटो काढून ती तिथेच सोडा.

दाणे ठेवत असाल तर

लोक विचारतात की आमच्या दाण्यांमुळे पाखरं मरतात का. दाण्यांमुळे पाखरं एका ठिकाणी गोळा होतात आणि स्पॅरोहॉकला ती जागा कळते, इतकं खरं. पण तो सगळी पाखरं संपवेल ही भीती पुराव्यावर टिकत नाही. १९५० च्या दशकाच्या उत्तरार्धात ब्रिटनमध्ये बियाण्यांना चोळल्या जाणाऱ्या डिल्ड्रिनसारख्या विषांमुळे स्पॅरोहॉक मोठ्या प्रदेशांतून नाहीसे झाले. दाणे खाणाऱ्या पाखरांमधून विष त्यांच्या अंगात साठत गेलं. डीडीटीमुळे अंड्यांची कवचं पातळ झाली, हे डेरेक रॅटक्लिफ यांनी १९६७ साली दाखवलं. विषांवर निर्बंध आल्यावर स्पॅरोहॉक परतले. इंग्लंडमधल्या बुकहॅम कॉमन या जंगलात १९४९ पासूनच्या नोंदी होत्या. इयान न्यूटन आणि सहकाऱ्यांनी त्या तपासल्या, तेव्हा तिथल्या गाणाऱ्या पाखरांच्या विणीच्या संख्येवर स्पॅरोहॉक नसण्याचा किंवा परतण्याचा ठळक परिणाम दिसला नाही. बरीचशी पाखरं हिवाळ्यात भुकेने किंवा थंडीने मरतातच. स्पॅरोहॉक त्यातली काही आधी उचलतो. घरचिमण्यांच्या बाबतीत मात्र संशोधकांत अजून वाद आहेत.

संख्या बदलली नाही तरी वागणूक बदलते. ऑक्सफर्डजवळच्या वायथम जंगलात स्पॅरोहॉक परतल्यावर मोठे टिट हिवाळ्यात सडपातळ राहायला लागले, असं अँड्र्यू गॉसलर आणि सहकाऱ्यांनी १९९५ साली मांडलं. अंगावर चरबी जास्त असली तर उपास सोसतो, पण झेप जड होते.

तुमच्या हातात असलेल्या गोष्टी साध्या आहेत. दाण्याची जागा दाट झुडपापासून साधारण दोन मीटरवर ठेवा: पाखराला एका झेपेत झुडूप गाठता येईल इतकी जवळ, पण मांजराला तिथूनच उडी मारता येणार नाही इतकी दूर. लांब कुंपणाच्या टोकाशी किंवा भिंतीच्या कोपऱ्याला लागून दाणे ठेवू नका. स्पॅरोहॉकच्या येण्याची वाट तीच असते. रोज एकाच जागी हल्ले व्हायला लागले तर एक-दोन आठवडे दाणे बंद ठेवा, पाखरं पांगतात आणि तोही दुसरीकडे वळतो. नंतर जागा बदलून सुरू करा. चकाकणाऱ्या चकत्या, प्लॅस्टिकचं घुबड वगैरे लावून काही फायदा होत नाही, दोन दिवसांत दोघांनाही त्याची सवय होते.

काचेचं मात्र मनावर घ्या. हल्ला झाला की पाखरं सुसाट सुटतात आणि खिडकीवर आपटतात. पाठलागाच्या भरात स्पॅरोहॉकही आपटतो. दाणे काचेपासून एक मीटरच्या आत ठेवा, म्हणजे पाखराला वेग घ्यायला जागा मिळत नाही, नाहीतर दहा मीटरपेक्षा लांब. काचेवर बाहेरच्या बाजूने दाट ठिपके किंवा रेघा लावा.

आपटून सुन्न पडलेला पक्षी सापडला तर त्याला भोकं पाडलेल्या पुठ्ठ्याच्या खोक्यात, तळाला फडकं घालून, अंधारात आणि शांत जागी ठेवा. पाणी तोंडात घालू नका, खायला देऊ नका, दर पाच मिनिटांनी उघडून बघू नका. स्पॅरोहॉक असेल तर जाड टॉवेल टाकून मागून पंखांसकट उचला आणि पाय सांभाळा, तो चोचीने नाही, पंजाने जखम करतो. तासा-दोन तासांत तो खोक्यात नीट उभा राहून हालचाल करू लागला, तर दाण्यांपासून लांब, मोकळ्या जागी खोकं उघडा. पंख लोंबत असेल, डोळा मिटलेला असेल किंवा उभंच राहता येत नसेल, तर वनविभागाला किंवा वन्यजीव बचाव करणाऱ्यांना कळवा.